घरचे छोटे बर्गर: कांदा, वाफ आणि पाच भोकं

उलथणं
छोटे हॅमबर्गर घरी करायचे म्हटलं की बरेच जण मोठ्या बर्गरची पॅटी लहान थापतात आणि मग म्हणतात, चव काही तशी येत नाही. येणार कशी? तीन-चार घासांत संपणाऱ्या त्या बर्गरची शिजायची रीतच वेगळी आहे. तिथे खाली कांद्याचा थर असतो, कांद्यावर अगदी पातळ पॅटी आणि पॅटीवर बन. कांद्यातलं पाणी तापून वाफ होते, ती खिम्यातून वर चढते आणि बनात मुरते. पॅटी उलटायची नाही. कुरकुरीत कड नाही, भाजल्याचे चट्टे नाहीत. बन मऊ, खिमा मऊ आणि सगळ्याला कांद्याचा वास.

माझी पद्धत देतो. ५०० ग्रॅम खिमा घ्या, त्यात साधारण २० टक्के चरबी हवी. बेकिंग पेपरच्या दोन तावांमध्ये ठेवून लाटण्याने अर्धा-पाऊण सेंटीमीटर जाडीचा चौकोन लाटा. वरचा कागद काढून सुरीने १२ चौकोन आखून घ्या. प्रत्येक चौकोनात पाच भोकं पाडा, जाड स्ट्रॉने छान पडतात. मग ट्रेसकट फ्रीझरमध्ये अर्धा-पाऊण तास. पॅटी कडक झाल्याशिवाय हाताळायला जाऊ नका, तुकडे होतील.

पसरट जाड तवा मध्यम आचेवर तापवा, थोडं लोणी टाका, त्यावर बारीक चिरलेला कांदा पातळ पसरा. कांदा पारदर्शक झाला की तीन-चार चमचे पाणी शिंपडून पॅट्या मांडा. वर मीठ-मिरी. बनचा खालचा अर्धा भाग पॅटीवर, कापलेली बाजू खाली. त्यावर वरचा अर्धा. झाकण. चार-पाच मिनिटं बघायचं नाही.

काढताना वरचा बन उचलून बाजूला ठेवा. उलथणं कांद्याच्याही खाली सरकवा, दुसऱ्या हाताने बन दाबून धरा आणि पालथं करा. आता खाली बन, मध्ये पॅटी, वर कांदा. काकडीच्या लोणच्याची चकती ठेवून वरचा बन लावला की झालं.

---

चिमणचारा
वा! उलटायचं नाही हे वाचूनच निम्मं काम हलकं झालं. पण भोकं कशाला? नुसती शोभा?

---

जुनी वही
चिमणचारा ताई, शोभा नाही हो. ही व्हाइट कॅसल या अमेरिकन बर्गर-दुकानांच्या साखळीची रीत. अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात विचिटा नावाचं शहर आहे. तिथे वॉल्टर अँडरसन नावाचा खानसामा १९१६पासून हॅमबर्गरची टपरी चालवत होता. १९२१मध्ये तो आणि बिली इंग्रॅम यांनी मिळून व्हाइट कॅसल काढलं. बर्गरची किंमत ५ सेंट. इतका लहान की एकाने कुणाचंच भागायचं नाही, म्हणून जाहिरातीतच 'पिशवीभर घ्या' असं सांगायचे.

पाच भोकं मात्र १९५०च्या दशकातली. त्यांच्याच एका कर्मचाऱ्याने सुचवलेली. भोकांतून वाफ वर येते, त्यामुळे पॅटी न उलटता वरपर्यंत शिजते आणि वेळ वाचतो. गर्दीच्या वेळी तव्यावर पॅट्यांच्या रांगा लागलेल्या असताना एकेक उलटत बसायचं नसेल तर याचं महत्त्व कळतं.

नावातला 'व्हाइट' पण उगाच नव्हता. त्या काळी अमेरिकन माणसाचा खिम्यावर विश्वासच नव्हता. कत्तलखान्यांतल्या घाणीवरून एवढा गदारोळ झाला होता की १९०६मध्ये मांस तपासणीचा कायदा करावा लागला. त्या संशयी गिऱ्हाइकासमोर यांनी पांढऱ्या भिंती, चकचकीत स्टील आणि डोळ्यांदेखत शिजणारं मांस ठेवलं. मला विचाराल तर ५ सेंटांपेक्षा हीच युक्ती जास्त चालली.

---

कुरकुरीत
इतिहास झकास. पण खिमा वाफवायचा म्हणजे चवीचा खून. मांसाची खरी चव तांबूस होण्यात असते आणि ती क्रिया साधारण १४० अंशांच्या पुढे जोर धरते. पाणी आहे तोवर तव्याचा तो भाग १०० अंशांच्या वर जाणार नाही. तुम्ही मुद्दाम पाणी घालताय! मी पॅटी तापलेल्या बिडाच्या तव्यावर दाबून चपटी करतो, दीड मिनिटात खाली जाळीदार तपकिरी पापुद्रा येतो. तोही छोटाच बर्गर.

---

उलथणं
कुरकुरीत, गणित बरोबर आहे तुमचं, पण तो पदार्थ वेगळा. आवडत असेल तर जरूर करा, मीही खाईन. इथे चव तांबूस होण्यातून येत नाही, कांद्यातून येते. कांद्याच्या वासाची वाफ बन शोषून घेतो, आणि पॅटी एवढी पातळ की प्रत्येक घासात बनच जास्त. कोरडा बन आणि करकरीत पॅटी घेतलीत तर चावताना पॅटी मागून निसटते. हे बर्गर मऊ का, तर सगळं एकदम तुटावं म्हणून.

बरं, तुमचा तपकिरी रंग अगदीच वाया जात नाही. पाणी आटल्यावर शेवटच्या मिनिटात तळाचा कांदा तांबूस होतो. तेवढा होऊ द्यायचा, मग काढायचं.

---

कुरकुरीत
शेवटचं मिनिट मान्य. बाकी मतभेद कायम. 🙂

---

रविवारची भूक
मधला मार्ग आहे की! ओक्लाहोमा राज्यातल्या एल रीनो गावाचा कांदा बर्गर. १९२०च्या दशकापासून चालत आलेला. खिम्याच्या गोळ्यावर कागदासारखा पातळ कापलेला कांदा मूठभर ठेवतात आणि उलथण्याने दाबून मांसातच बसवतात. एक बाजू भाजली की उलटून कांद्याची बाजू खाली. कांदा करपायच्या बेतात येतो, वरून बन ठेवला की तोही वाफेवर मऊ होतो. म्हणजे कुरकुरीतरावांचा पापुद्रा आणि उलथणं यांची वाफ, दोन्ही. मांस महाग झालं तेव्हा त्यात कांदा भरून बर्गर मोठा दिसावा, ही मूळ काटकसर. चव मागाहून सगळ्यांच्या लक्षात आली असणार.

मोठा आकार करतात तिथे, पण ४० ग्रॅमच्या गोळीवरही उत्तम जमतं. कांदा मात्र पारदर्शक दिसेल इतका पातळ हवा, जाड राहिला तर कच्चा लागतो.

---

चिमणचारा
दोन प्रश्न. मीठ खिम्यातच मळून टाकलं तर नाही का चालणार? आणि अंडं, ब्रेडचा चुरा वगैरे?

---

तापमापक
मीठ आत नको. मिठाने मांसातली प्रथिनं विरघळून चिकट होतात आणि शिजल्यावर एकमेकांना घट्ट धरतात. सॉसेजसाठी तेच हवं असतं, म्हणून तिथे मीठ घालून खिमा मळतात. बर्गरला भुसभुशीतपणा हवा. खिमा जेवढा कमी चिवडाल तेवढा बरा, मीठ तव्यावर ठेवल्यावर वरून. अंडं आणि चुरा दोन्ही नको. पातळ लाटून गार केलेली पॅटी आपली आपण टिकते.

आता माझ्या आवडीचा विषय: आतलं तापमान. खिम्याच्या पॅटीचा मध्यभाग ७१ अंश सेल्सिअसला पोचायलाच हवा, चिकन किंवा टर्कीचा खिमा असेल तर ७४. अखंड मांसाच्या तुकड्यावर जंतू बहुतांशी पृष्ठभागावर असतात, ते भाजताना मरतात. खिमा करताना पृष्ठभागच आत मिसळला जातो. म्हणून 'मध्ये गुलाबी' हा प्रकार इथे नको. १९९३मध्ये अमेरिकेच्या पश्चिम भागात नीट न शिजलेल्या हॅमबर्गरमधून ई. कोलाय या जंतूची मोठी साथ आली होती, ७००हून जास्त माणसं आजारी पडली आणि चार मुलं दगावली. तिकडचे शिजवण्याचे नियम त्यानंतर कडक झाले.

रंगावर भरवसा ठेवू नका. खिमा कधीकधी पुरेसा तापायच्या आधीच आतून तपकिरी होतो. एवढ्या पातळ पॅटीत थर्मामीटर वरून खुपसला तर टोक थेट तव्याला टेकतं आणि भलताच आकडा दिसतो. कडेने आडवा घाला.

---

शाकंभरी
नमस्कार मंडळी. मांस न खाणाऱ्यांनी इथे नुसता वास घ्यायचा का?

---

जुनी वही
शाकंभरी, व्हाइट कॅसलनेच २०१८मध्ये इम्पॉसिबल नावाच्या कंपनीच्या वनस्पतीजन्य पॅटीचा छोटा बर्गर विकायला काढला. सोयीची गोष्ट अशी की या प्रकारात मांसाला तांबूस करायचं नसतंच, कांदा आणि वाफ पुढे असते. त्यामुळे पॅटी बदलली तरी फार चुकल्यासारखं वाटत नाही.

---

शाकंभरी
विकतच्या पॅटीचं ठीक, पण मला घरी करायच्यात. राजमा आणि मश्रूम घेऊन केल्या तर वाफेवर त्यांचा लगदा होतो.

---

उलथणं
होणारच. मांस तापलं की आवळतं, राजमा तापला की सैल पडतो. विकतच्या शाकाहारी पॅट्यांत मिथाइलसेल्युलोज नावाचं बांधून ठेवणारं द्रव्य असतं, ते उलट वागतं: गरम झालं की घट्ट, गार झालं की पातळ. म्हणून त्या तव्यावर मांसासारख्या आकार धरतात. घरी ते नसेल तर पॅटी आधीच कोरडी आणि घट्ट करून घ्यायची आणि वाफ फक्त शेवटी दाखवायची.

मश्रूम बारीक चिरून कोरड्या तव्यावर पाणी पूर्ण आटेपर्यंत परता. आटलं असं वाटल्यावर आणखी पाच मिनिटं परता, कारण ते आटलेलं नसतं. उकडलेला राजमा निथळून ओव्हनमध्ये १६० अंशांवर पंधरा मिनिटं वाळवा, सालं तडकली की पुरे. मग दोन्ही मिळून भरड कुटा, मिक्सरमधून लापशी करू नका. ओट्सची भरड, थोडा सोया सॉस, मिरी घाला. इथे मीठ आत चालतं. चौकोन लाटून, तेल लावून, २०० अंशांवर दोन्ही बाजू उलटून भाजा. तयार पॅटी कांद्यावर ठेवायची, बन वर, झाकण दोन मिनिटं फक्त.

---

शाकंभरी
वाळवलेला राजमा! हे डोक्यात आलं नव्हतं. या शनिवारी करते.

---

रविवारची भूक
बनवर कुणीच बोललं नाही अजून. माझ्या मते निम्मा बर्गर बनच असतो. मोठे गोल बन कापून लहान करू नका, कापलेली कड वाफ पिऊन चिकट होते. ट्रेमध्ये एकमेकांना चिकटून भाजलेले हवेत, त्यांच्या बाजूंना साल येत नाही आणि वाफ तिथूनही आत जाते.

१२ बनसाठी: मैदा ३०० ग्रॅम, कोमट दूध १८० मिली, इन्स्टंट यीस्ट ५ ग्रॅम, साखर २५ ग्रॅम, मीठ ५ ग्रॅम, मऊ लोणी ३० ग्रॅम. लोणी सोडून सगळं मळा, पीठ जुळून आलं की लोणी घाला आणि पुन्हा दहा-बारा मिनिटं मळा. आधी सगळं हाताला चिकटेल, मैदा वाढवू नका, सुटतं ते. दुप्पट फुगू द्या. साधारण ४५ ग्रॅमचे १२ गोळे करून २० बाय २५ सेंटीमीटरच्या ट्रेमध्ये तीन-चार अशा ओळींत थोडी थोडी फट ठेवून मांडा. फुगून एकमेकांना टेकले की वर दूध लावून १८० अंशांवर १६ ते १८ मिनिटं. बाहेर काढल्याबरोबर लोणी फिरवा आणि कापड झाकून गार करा, साल मऊ राहते.

आदल्या दिवशीचे बन इथे ताज्यापेक्षा बरे. शिळ्या बनचा कडकपणा नुसता सुकल्याचा नसतो, त्यातला स्टार्च पुन्हा घट्ट झालेला असतो. ओली उष्णता मिळाली की तो सैल पडतो. ताजा बन वाफेत लगेच बसतो, शिळा फुलून येतो.

---

चिमणचारा
अरे देवा, मी ताजे बन आणायला निघाले होते!

माणसं वीस येणार आहेत. तव्यावर सहा-सहा करत बसले तर पहिल्याचं जेवण होऊन तो घरी जाईल. ओव्हनमध्ये होतं का हे?

---

उलथणं
होतं, आणि गर्दीसाठी तेच बरं. २३ बाय ३३ सेंटीमीटरचा कडा असलेला ट्रे घ्या. तळाला कांदा पसरा. सुकवलेल्या कांद्याचे तुकडे मिळाले तर पाव कप घेऊन कोमट पाण्यात पंधरा मिनिटं भिजवा. दुकानातल्या चवीच्या जवळ तोच जातो, कारण व्हाइट कॅसलही सुकवलेला कांदा भिजवूनच वापरतं. ताज्या कांद्यात ९० टक्क्यांच्या आसपास पाणी असतं, ते ट्रेमध्ये फार सुटतं. ताजाच असेल तर आधी परतून घ्या.

५०० ग्रॅम खिमा कांद्यावर एकसंध थापायचा, कापायचा नाही. काट्याने भोसकून सगळीकडे भोकं पाडा. वरून मीठ-मिरी. २०० अंशांवर पंधरा ते वीस मिनिटं. सगळा थर आकसून ट्रेच्या कडेपासून सुटलेला दिसेल आणि भोवती चरबी साठलेली असेल. तापमान बघा, मग चरबी काळजीपूर्वक ओतून टाका. हे सोडलंत तर पुढचं सगळं तेलकट.

बन एकमेकांपासून सुटे करायचे नाहीत. लांब दातेरी सुरीने अख्खी लादी आडवी कापा. खालचा थर दुसऱ्या ट्रेमध्ये, त्यावर चीज, त्यावर कांद्यासकट खिम्याचा थर, वरचा थर. फॉइलने झाकून पाच-सात मिनिटं परत ओव्हनमध्ये. मग बनच्या रेघांवरून कापा. वीस माणसांना असे चार ट्रे तरी लागतील, दोन बर्गरवर कुणी थांबत नाही.

---

तापमापक
चीज खालच्या बनला लागून ठेवायला सांगितलंय त्यामागे कारण आहे. वितळलेलं चीज खिम्याचं पाणी बनपर्यंत जाऊ देत नाही. तव्यावरच्या पद्धतीतही चीज पॅटी आणि खालचा बन यांच्यामध्ये ठेवा. प्रक्रिया केलेले चौकोनी काप घ्या. त्यातल्या क्षारांमुळे चरबी आणि पाणी वेगळं होत नाही. मुरवलेलं चांगलं चेडार एवढ्या वाफेत तेल सोडतं, आणि इथे त्याची चव कळतही नाही. महागडं चीज दुसऱ्या कशात तरी घाला.

---

चिमणचारा
तव्यावर एकदा वरच्या बनवर ओले ठिपके पडून तो तिथे दबला. पाणी जास्त झालं का?

---

रविवारची भूक
झाकणावरून थेंब पडतात ते. झाकणाला आतून सुती कापड बांधा, टोकं वर गाठ मारून, आचेपासून लांब. घुमटासारखं झाकण असेल तर थेंब कडेने उतरतात, सपाट झाकण सगळं बनवरच सांडतं.

---

कुरकुरीत
सॉसचं काय? माझ्याकडे मेयोनेज, मोहरी, लोणच्याचा चुरा, लसूण...

---

उलथणं
थांबा थांबा. ४० ग्रॅमच्या पॅटीवर एवढं घातलंत तर सॉसचा बर्गर होईल. कांदा आणि लोणच्याची काकडी, बस. फार तर मोहरीचा एक ठिपका. लेट्यूस आणि टोमॅटो अजिबात नको, गार-ओलं काहीही घातलं की वाफेची मेहनत फुकट.

काकडी घरी करायची तर व्हिनेगर आणि पाणी समभाग, मीठ, चवीपुरती साखर, मोहरीचे दाणे, शेपू. उकळून पातळ चकत्यांवर ओता, गार झालं की वापरा. गोडसर नको, आंबटच हवी. बाकी सगळंच मऊ आणि गोडसर आहे, आंबट आणि करकरीत तेवढी ही एकच.

---

जुनी वही
थोडं अवांतर. १९३०मध्ये बिली इंग्रॅमने मिनेसोटा विद्यापीठात एका प्रयोगाला पैसे दिले होते. एका वैद्यकीय विद्यार्थ्याने १३ आठवडे फक्त हे बर्गर खायचे आणि पाणी प्यायचं. तो ठणठणीत राहिला, आणि कंपनीने त्याची जाहिरात केली. एकच माणूस, पैसे बर्गरवाल्याचे. घरी करू नका.

---

तापमापक
नमुना: एक. निष्कर्ष: पिशवीभर घ्या. 😄

---

चिमणचारा
हसू आवरत नाहीये. शेवटचा प्रश्न: आदल्या दिवशी करून ठेवता येतील? उरले तर फ्रीझरमध्ये टिकतील?

---

रविवारची भूक
आदल्या दिवशी फक्त पॅट्या लाटून, मध्ये बेकिंग पेपर घालून फ्रीझरमध्ये ठेवा आणि बन भाजून ठेवा. जुळवणी त्याच दिवशी.

उरलेले फ्रीझरमध्ये छान राहतात, व्हाइट कॅसल स्वतः १९८०च्या दशकापासून गोठवलेले बर्गर दुकानांतून विकतं. काकडी आधी काढून घ्या, गोठून सुटली की ती लिबलिबीत होते. पूर्ण गार झाल्यावर एकेक वेगळा गुंडाळा, गरम गुंडाळलात तर आत बर्फ साठेल. खाताना ओल्या कागदी रुमालात गुंडाळून मायक्रोवेव्हमध्ये मिनिटभर, मधोमध गरम झालाय का बघून गरज पडली तर आणखी थोडा वेळ. मग नवी काकडी.

---

शाकंभरी
आणि मायक्रोवेव्ह नसेल तर?

---

उलथणं
फ्रीजमध्ये रात्रभर सुटू द्या. मग मंद आचेच्या तव्यात एका कडेला दोन चमचे पाणी, बर्गर दुसऱ्या कडेला बेकिंग पेपरवर, झाकण. आतून चांगला वाफाळेपर्यंत, साधारण सहा-सात मिनिटं. तुमच्या राजम्याच्या पॅटीला एवढा वेळ नको, ती आधीच शिजलेली आणि नाजूक आहे. चार मिनिटांनी बघा. आणि शनिवारी कसे झाले ते इथे लिहा, राजमा वाळवायला १६० पुरतात की जास्त लागतात ते मलाही हवंय. माझा ओव्हन जरा गरम चालतो.